अर्धी मात्रा आधी

एर्सिलिया कावातोर्ताला बेकरीत पाव दोनदा मागावा लागे. पहिल्यांदा मागितला की काउंटरमागची बाई म्हणे, "काय?" आणि ती दुसऱ्यांदा तोंड उघडेपर्यंत रांगेतलं कोणीतरी तिच्या वतीनं ओरडून मोकळं झालेलं असे, "अगं, दोन पाव हवेत त्यांना, दोन!" पार्मा शहरात, त्यातही नदीपलीकडच्या आमच्या वस्तीत, दोन शेजारणी 'आज गारठा आहे' एवढंच बोलल्या तरी तिसऱ्या मजल्यावरचा माणूस खिडकी लावून घेतो. अशा ठिकाणी असा आवाज घेऊन जन्माला येणं म्हणजे एक प्रकारचं व्यंगच. तिची आई सांगायची, ही पोरगी जन्मल्यावर रडली तेव्हा सुईण म्हणाली, "मांजर कोणी आत घेतलं?"

पण याच आवाजावर एर्सिलियानं अडतीस वर्षं पोट भरलं. ती आमच्या ऑपेरा थिएटरात प्रॉम्प्टर होती.

रंगमंचाच्या पुढच्या कडेला, बरोबर मधोमध, एक अर्धगोल झाकण असतं. प्रेक्षकांना वाटतं तो दिव्याचाच काही भाग असावा. त्याखाली एक खोकं, खोक्यात एक स्टूल, एक मिणमिणता दिवा, संगीताची वही आणि एर्सिलिया. गायकाच्या प्रत्येक ओळीचे पहिले दोन-तीन शब्द ती त्याच्या अर्धी मात्रा आधी कुजबुजे आणि तळहातानं त्याला आत यायची खूण करी. गायकाला ते शब्द पक्के पोचायचे, पण चार हात मागं, पहिल्या रांगेत बसलेल्या नगराध्यक्षांच्या बायकोला त्यातलं एक अक्षर ऐकू जायचं नाही.

हे काम तिला बेर्तानी नावाच्या म्हाताऱ्या प्रॉम्प्टरनं शिकवलं. एर्सिलिया चांभाराची मुलगी. चर्चमधल्या पेटीवाल्याकडे फुकट पियानो शिकली आणि विसाव्या वर्षी तालमींना साथ करायला थिएटरात लागली. बेर्तानीचे पुढचे दात गेले होते आणि प्रत्येक 'स'बरोबर शिट्टी वाजत होती. वरच्या स्वस्त गॅलरीतून लोक ओरडायला लागले होते, "खाली किटली ठेवलीय का?" त्यानं एर्सिलियाचा आवाज ऐकला, म्हणजे तिसऱ्या खेपेला ऐकला, आणि त्याच दिवशी तिला खोक्यात उतरवलं. नियम एकच सांगितला: "पोरी, प्रेक्षकाला प्रॉम्प्टर ऐकू आला, तर त्या दिवशी दोन माणसं नापास. एक वरचा, एक खालचा."

अडतीस वर्षांत एर्सिलिया एकदाही नापास झाली नाही. तिला माणसाचा चेहरा कमी आणि पाय जास्त दिसायचे. चांभाराचीच लेक ती, बुटांवरून तिला सगळं कळायचं. कोण आज घाबरलाय, कोणाचं मालकिणीशी भांडण झालंय, कोणाला पुढची ओळ आठवत नाहीये. ओत्तोरिनो दालाताना हा आमचा लाडका टेनर, म्हणजे उंच पट्टीचा गायक. आवाज सोन्याचा आणि तोरा हिऱ्याचा. तो ओळ सुरू करण्याआधी डावा पाय दोन बोटं पुढं सरकवायचा. पाय सरकला नाही की एर्सिलिया समजायची, गडी अडला.

एकाहत्तर सालच्या जानेवारीत तो पाय सरकलाच नाही. त्या दिवशी आमच्याच गावच्या एका जुन्या संगीतकाराचा ऑपेरा होता. गावाबाहेर त्याला कुत्रं विचारत नाही, पण गावात त्यातल्या नावाड्याच्या पदात एक शब्द इकडचा तिकडे झाला, तर गॅलरीवाले गायकाला घरापर्यंत शिट्ट्या वाजवत सोडायला जातात. पदातली गोष्ट अशी: नदीला पूर आलाय. नावाडी सगळ्यांना पलीकडे सोडतो, उरलेल्यांसाठी शेवटच्या खेपेला निघतो आणि काठावर उभ्या बायकोला सांगतो, 'पाणी उतरलं की येईन.' दालातानाच्या डोक्यातून ते पद पाटी पुसल्यासारखं पुसलं गेलं. एर्सिलियानं त्याला पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत ते वरती पोचवलं, घासाघासानं. पद संपलं तेव्हा टाळ्या अकरा मिनिटं चालल्या. दालातानानं त्याबद्दल तिच्याशी कधी चकार शब्द काढला नाही. तिनंही नाही. खोक्यातली गोष्ट खोक्यात.

ही गोष्ट कळलेला तिसरा माणूस एकच, तिचा नवरा इवानो. इवानो चीज ठोकणारा. म्हणजे आमच्याकडच्या मोठमोठ्या चिजाच्या चाकांवर छोटी हातोडी ठोकून, कानानं ऐकून, आत भेग आहे की पोकळी ते सांगायचं त्याचं काम. त्यांचं जमलं तेही असंच. एका लग्नात बँड कान फाडत होता आणि एर्सिलिया मैत्रिणीच्या कानाला लागून म्हणाली, "तो हातोडीवाला बरा आहे, पण मिशी भयंकर." पाच टेबलं पलीकडे इवानोनं हात मिशीवर नेला. दुसऱ्या दिवशी तो तिच्या दारात उभा, मिशी सफाचट.

निवृत्त झाली त्या दिवशी वरती पडदा तीनदा उघडला, तीनदा पडला, फुलं पडली. एर्सिलिया नेहमीसारखी वही काखेत मारून खालच्या बोळातून बाहेर पडली आणि घरी जाऊन तिनं भोपळ्याचं सारण केलं. प्रॉम्प्टर काही वाकून नमस्कार करायला वर जात नाही. तिला त्याचं काही वाटलं नाही. कोणाला आपण ऐकू आलो नाही, याहून मोठी टाळी तिला माहीतच नव्हती.

याला तीन वर्षं झाली आणि तिच्या दारात लिविओ आला.

लिविओ स्कियांकी हा इवानोच्या कामावरच्या चीज-गोदामवाल्याचा पुतण्या. वय छत्तीस, केस विस्कटलेले, पाठीवर सॅक्सोफोनची पेटी. मिलानच्या, पॅरिसच्या क्लबांत जॅझ वाजवून नाव कमावलेला. आता त्याच्या डोक्यात खूळ शिरलं होतं की गावच्या ऑपेरातली नऊ पदं सॅक्सोफोनवर वाजवून त्यांचा अल्बम काढायचा. जूनमध्ये त्यानं चौकातल्या जाहीर कार्यक्रमात नावाड्याचं पद वाजवून पाहिलं. लोक शांतपणे ऐकत होते, आणि आमच्या गावात ही गोष्ट काही चांगली नव्हे. पद संपलं. टाळ्या सुरू होणार, तेवढ्यात सलामीचं, म्हणजे सुकवलेल्या मांसाचं, दुकान चालवणारा पेझ्झानी, गॅलरीवाल्यांचा म्होरक्या, खुर्चीवरून उठला आणि भर चौकात म्हणाला, "वाजवलंस छान रे पोरा! पण म्हणतोयस काय?"

चौक हसून लोळला. लिविओ दोन महिने झोपला नाही.

"बाई," तो एर्सिलियाच्या स्वयंपाकघरात खुर्चीच्या कडेवर टेकून म्हणाला, "मला पेझ्झानीचा राग आला होता. आता येत नाही. तो बरोबर बोलला. मला सूर येतात, शब्द येत नाहीत."

"मग वही घे आणि पाठ कर," एर्सिलिया कणीक लाटत म्हणाली.

"काय?"

"वही घे, पाठ कर, म्हणतेय ती," आतल्या खोलीतून इवानो ओरडला.

"पाठ केले, बाई. तरी वाजवताना बोटं पुढं पळतात. वाजवतानाच कोणीतरी मला ते दिले पाहिजेत. तुम्ही दालातानाला द्यायचा तसे."

एर्सिलियाचं लाटणं थांबलं. "दालातानाला मी काय दिलं, हे तुला कोणी सांगितलं?"

आतली खोली एकदम गप्प झाली.

"सगळ्याच गायकांना द्यायचा, असं म्हणतोय मी," लिविओ गोंधळून म्हणाला.

"हं. वाजव बघू."

त्यानं वाजवलं. वरच्या मजल्यावरून झाडूचा दांडा तीनदा आपटला. एर्सिलियानं पिठाचे हात पुसले.

"'उतरलं'च्या मधोमध श्वास घेतोस तू. 'पाणी उत', आणि मग दम. पाणी अर्ध्यात उतरतं का रे? बायको काठावर उभी आहे. तिला वाटेल, नवऱ्याला उचकी लागली."

इवानो आतून हसला आणि लिविओही हसला. मग त्यानं ती ओळ पुन्हा वाजवली, पूर्ण, एका दमात. वरचा झाडू या खेपेला आपटला नाही.

असा तो पाठ सुरू झाला. आठवड्यातून तीन दिवस, जेवणाआधी. लिविओ वाजवायचा, एर्सिलिया त्याच्या डाव्या हाताला बसून शब्द द्यायची. पहिले पंधरा दिवस नुसती भांडणं. ती अर्धी मात्रा आधी शब्द द्यायची आणि हा मात्रा उलटून गेल्यावर आरामात उचलायचा.

"मी देतेय, तू घेत का नाहीस?"

"घेतोय बाई, पण जरा मुरवून घेतोय."

"तेवढ्यात ऑर्केस्ट्रा घरी जाईल!"

"जॅझमध्ये उशीर म्हणजे चूक नसते."

"मग काय असतं?"

लिविओनं जरा विचार केला. "स्वभाव."

"माझ्या नवऱ्यालाही स्वभाव आहे. पण जेवायला वेळेवर येतो."

पण तिच्या लक्षात एक गोष्ट यायला लागली. गायक तिचा शब्द घ्यायचे आणि तोच परत द्यायचे, उसना आणलेला पाटा परत करावा तसा. हा पोरगा तसं करत नव्हता. ती म्हणायची 'पाणी उतरलं की', आणि तो तेवढा वेळ थांबायचा, जणू काठावरची बायको तीच आहे आणि तिला काय सांगावं हे त्यालाच आत्ता सुचतंय. एकदा तिनं मुद्दाम 'येईन' हा शब्द जरा लांबवून दिला. त्यानं लगेच स्वर वळवला आणि हलकेच हसल्यासारखा तिच्याकडे परत पाठवला. एर्सिलिया थक्क झाली. अडतीस वर्षं तिनं शब्द वर टाकले होते. कोणी खाली उत्तर टाकलं नव्हतं. त्या दिवशी कढईतला कांदा करपला आणि तिला पत्ताच नाही. इवानो करपलेला कांदा गुपचूप खात राहिला, कारण बायको पाट्यावर बोटांनी ताल धरून बसली होती.

ऑक्टोबरात रेकॉर्डिंग ठरलं. लिविओला स्टुडिओ नको होता. त्याला काकाचं चिजाचं गोदाम हवं होतं. चार हजार चाकं, जमिनीपासून छतापर्यंत फळ्यांवर रचलेली. तिथं टाळी वाजवली तर ती घुमत नाही आणि मरतही नाही, नुसती गोल होते. ध्वनिमुद्रण करणारी मिकेला बोलोन्याहून आली होती. सव्वीस वर्षांची, कमरेला चिकटपट्ट्यांची वेटोळी, कोणाच्या बापाला न भिणारी. तिनं गोदामात फक्त एक टाळी वाजवली आणि म्हणाली, "बाहेर कोणी बोललं तर जीव घेईन."

अडचण एकच होती. गोदामातले पंखे चोवीस तास चालतात आणि ते बंद ठेवता येतात फार तर चाळीस मिनिटं, तेही दिवसातून दोनदा. लिविओच्या काकानं दारातच बजावलं, "तुमचं संगीत गेलं खड्ड्यात. माझ्या चिजाला घाम फुटला, तर एकेकाला फळीवर रचीन."

पियानोवाला, डबल बासवाला, लिविओ आणि एर्सिलिया. मिकेलानं लिविओसमोर एक जुना रिबन माइक टांगला आणि एर्सिलियाची खुर्ची स्वतः ठेवली.

"बाई, हा माइक समोरून ऐकतो आणि पाठीमागूनही तितकंच ऐकतो. फक्त दोन्ही बाजूंनी बहिरा. तुम्ही त्याच्या बहिऱ्या बाजूला बसायचं. ही खडूची फुली. खुर्ची इथून हलली नाही, तर तुम्ही तिथं बसून जपमाळ ओढलीत तरी टेपवर येणार नाही."

एर्सिलियाला हे फार आवडलं. शेवटी हेही एक खोकंच होतं, फक्त खडूनं काढलेलं.

अडीच दिवसांत आठ पदं झाली. नावाड्याचं पद लिविओनं मुद्दाम शेवटी ठेवलं होतं. तिसऱ्या दिवशी संध्याकाळच्या गाडीनं बासवाला कोपनहेगनला जाणार होता, म्हणजे हातात उरली होती दुपारची चाळीस मिनिटं. पहिल्या खेपेला पियानोची खुर्ची कुरकुरली. दुसरी खेप स्वच्छ झाली, बिनचूक झाली आणि आजाऱ्याच्या पेजेसारखी झाली.

"पंखे सहा मिनिटांत चालू!" दारातून काका ओरडला.

"पद चार मिनिटांचं आहे," एर्सिलिया म्हणाली. ते इवानोशिवाय कोणाला ऐकू गेलं नाही. तो मागच्या फळ्यांजवळ हातोडी खिशात घालून उभा होता. त्यानं मोठ्यानं सांगितलं, "पद चार मिनिटांचं आहे!"

तिसरी खेप सुरू झाली. पहिल्याच ओळीला लिविओ थांबला, नेहमीपेक्षाही जास्त. मग तो आला, आणि असा आला की गोदामातली चार हजार चाकं कान टवकारून बसल्यासारखी वाटली. तिनं दुसरी ओळ दिली, त्यानं उत्तर दिलं. तिनं तिसरी दिली, त्यानं त्यात थोडी थट्टा मिसळली. पुराच्या काठावर नावाडी बायकोची समजूत घालताना करेल तशी. 'पाणी उतरलं की', तिनं सांगितलं, आणि सॅक्सोफोन म्हणाला, येईन गं, येईन, तू चूल पेटव. पद संपलं. शेवटचा सूर फळ्यांमधून हळूहळू विरला. मग पियानोवाल्यानं पियानोवर थाप मारली, बासवाल्यानं बासच्या गळ्याला मिठी मारली, आणि दारातला काका टोपी हातात धरून तसाच उभा राहिला. पंखे चालू करायचे विसरून.

मिकेलानं लगेच टेप ऐकवली. सगळे डोळे मिटून ऐकत होते. इवानो एकटा उघड्या डोळ्यांनी, मान तिरकी करून, चीज ऐकतो तसा.

"मागं घे जरा," तो म्हणाला.

मिकेलानं टेप मागं घेतली.

"इथं. ओळीच्या आधी. आत कोणीतरी आहे."

मिकेलानं हेडफोन लावले, पुन्हा ऐकलं, आणि सावकाश मान वर करून खुर्चीकडे पाहिलं. खुर्ची फुलीवरच होती. एर्सिलिया खुर्चीवर नव्हती. ती दोन पावलं पुढं, माइकच्या मागच्या बाजूला उभी होती. कधी उठली, कधी चालली, तिलाच ठाऊक नव्हतं. खोक्यात उभं राहायला जागाच नसते, त्यामुळे भान हरपलं तर माणूस उठून चालायला लागतो हे तिला कळायची वेळच कधी आली नव्हती.

"पुसून टाक," ती म्हणाली.

"पुसता येत नाही, बाई. त्याच माइकमधून, त्याच टेपवर, त्याच्याच सुरात मिसळलंय. दुधातलं पाणी कसं काढू?"

"मग ती दुसरी खेप घ्या. स्वच्छ आहे."

"स्वच्छ आहे," लिविओ म्हणाला, "आणि पेझ्झानी उद्या परत विचारील, म्हणतोयस काय." मग त्यानं तिचे दोन्ही हात धरले. "पण बाई, तुम्ही म्हणाल तीच खेप अल्बमात जाईल. शपथ."

एर्सिलिया घरी आली ती तोंड एवढंसं करून. दोन दिवस तिला काही सुचेना. अडतीस वर्षं नापास न झालेली बाई, आणि निवृत्तीनंतर, तीही चिजाच्या गोदामात, पकडली गेली!

"एवढं काय त्यात?" इवानो म्हणाला. "किंचित पोकळी असलेलं चीज आम्ही फेकतो का? वर आडव्या रेघा मारतो आणि विकतो. आपल्या घरात पस्तीस वर्षं रेघांचंच चीज येतंय. तू कधी तक्रार केलीस?"

"तुला स्वस्त पडतं म्हणून आणतोस. त्याचं तत्त्वज्ञान करू नकोस."

"बरं. पण मला ऐकू आलं म्हणजे लोकांना येईलच कशावरून? माझं काय, मला माझी मिशीसुद्धा पाच टेबलांवरून ऐकू आली होती."

यावर एर्सिलिया दोन दिवसांत पहिल्यांदा हसली. आणि हसता हसता तिला बेर्तानीचा नियम आठवला. नियमात शब्द होता, 'प्रेक्षकाला.' नवऱ्याला असं बेर्तानी कुठं म्हणाला होता?

तिनं लिविओला निरोप धाडला. रविवारी दुपारी गॅलरीवाले आपल्या नेहमीच्या खानावळीत जेवायला जमतात. पेझ्झानी धरून अकरा जण, आणि ऑपेराच्या बाबतीत यांच्याहून वाईट प्रेक्षक सगळ्या इटलीत नाही. त्यांना ती तिसरी खेप ऐकवायची. आधी काही सांगायचं नाही. एकालाही आत बाईमाणूस ऐकू आलं, तर अल्बमात दुसरी खेप. कोणालाच आलं नाही, तर तिसरी.

"आणि तुम्ही शब्द पाळणार?" लिविओनं विचारलं.

"मी शब्दच पाळत आलेय रे जन्मभर."

रविवारी खानावळ गच्च भरली होती. मिकेलानं दोन मोठे स्पीकर आणून कोटांच्या खुंट्यांखाली ठेवले. आतून रश्शाचा वास येत होता आणि खानावळवाली कंबरेवर हात ठेवून सांगत होती, "चारच मिनिटं देते. सारण भरलेल्या आनोलिनी रश्शात पडल्या की त्या कोणाच्या बापासाठी थांबत नाहीत." गॅलरीवाले हाताची घडी घालून बसले, म्हणजे दावा चालवायला तयार. एर्सिलिया भिंतीकडच्या टेबलावर इवानोशेजारी बसली. तिनं नजर खाली ठेवली, आणि टेबलाखालून तिला एक बुटांची जोडी आत येताना दिसली. तपकिरी, उंची, डाव्या टाचेला झिजलेली. मान वर करायची गरजच नव्हती.

"दालाताना आलाय," ती पुटपुटली.

"कोणी बोलावलं?" इवानो कुजबुजला.

"त्याला कधी बोलवावं लागलंय का?"

सत्तरीतला दालाताना गळ्यात रेशमी रुमाल बांधून शेजारच्याच टेबलावर बसला, पाव मोडायला लागला आणि म्हणाला, "ऐकतो. नावाडी म्हणजे काय ते मला माहीत आहे."

टेप सुरू झाली. पहिली ओळ. पेझ्झानीच्या भुवया वर गेल्या. दुसरी ओळ. कोणीतरी हाताची घडी सोडली. एर्सिलिया प्रत्येक चेहरा वाचत होती. आयुष्यात पहिल्यांदा तिला प्रेक्षकांचे चेहरे दिसत होते, आणि ते इतके बोलके असतात हे तिला ठाऊकच नव्हतं. एक जण ओठ हलवत होता. दुसऱ्याचे डोळे मिटले होते. आणि मग ती जागा आली. स्पीकरमधून, सुराच्या आधी, वाऱ्याच्या झुळकीइतकं काहीतरी सरकलं: 'पाणी उतरलं की.'

कोणी मान वळवली नाही. पण टेबलाखाली तपकिरी बूट हलला. डावा. दोन बोटं पुढं.

आणि बरोबर अर्ध्या मात्रेनंतर, तोंडात पावाचा तुकडा असताना, ओत्तोरिनो दालाताना उभा राहून गायला लागला.

आवाज तडकलेला होता, पण जागेवर होता. एकच ओळ. सॅक्सोफोन त्याच्या मागोमाग, आपल्या स्वभावाप्रमाणे, आरामात आला. दालाताना दचकला, त्यानं सगळ्यांकडे पाहिलं आणि तो मटकन खाली बसला.

"गप रे म्हाताऱ्या!"

"चळला बघा!"

"थेटर सुटलं, पण खाज गेली नाही!" पेझ्झानी गरजला. "आता मध्ये बोललास तर रस्सा मिळणार नाही!"

पद संपेपर्यंत दालाताना एर्सिलियाकडे बघत होता, आणि एर्सिलिया त्याच्या बुटांकडे.

सूर विरला. आतून रस्सा खदखदल्याचा आवाज येत होता. पेझ्झानीनं नाक शिंकरलं, मोठ्यानं, मग लिविओकडे बोट रोखलं.

"आता कळलं काय म्हणतोयस. माझ्या बापानं मला याच पदानं झोपवलं, आणि त्याला गाता येत नव्हतं. अगदी असंच म्हणायचा तो, उशिरा उशिरा."

मग जो गोंधळ झाला त्यात खानावळवालीचा आवाजही बुडाला. पाठीवर थापा, ग्लासांचा खणखणाट. कोणी लिविओचे केस आणखी विस्कटले, कोणी मिकेलाला लग्नाची मागणी घातली, आणि तिनं त्याला चिकटपट्टी दाखवली. तेवढ्यात दालाताना खुर्ची सरकवून एर्सिलियाच्या जवळ आला आणि तिच्याइतक्याच हळू आवाजात म्हणाला,

"तो आवाज मी कबरीतही ओळखीन. त्यानं बोलावलं की मला यावंच लागतं."

"पाहिलं मी."

"त्या दिवशी तू मला अठरा ओळी दिल्यास, एर्सिलिया."

"एकोणीस."

"पंचवीस वर्षं मी लोकांना सांगत आलो, दालाताना कधी ओळ विसरला नाही. तुझे आभार मानायला फार उशीर केला मी."

"राहू दे," एर्सिलिया म्हणाली. "जॅझमध्ये उशीर चालतो."

म्हाताऱ्यानं तिचा हात उचलून सगळ्यांदेखत ओठांना लावला. कशाबद्दल, ते कोणी विचारलं नाही. दालातानाचे असले नखरे गावाला नवे नव्हते.

लिविओ टेबलापाशी आला. चेहऱ्यावर प्रश्न होता. एर्सिलियानं एकवार सगळ्या गॅलरीवाल्यांकडे पाहिलं. ऐकू आलं होतं ते ज्याला यायला हवं त्यालाच, वर उभ्या असलेल्या गायकाला. प्रेक्षकाला नाही.

"तिसरी ठेव," ती म्हणाली.

या खेपेला लिविओला ते पहिल्याच वेळी ऐकू आलं.

रस्सा आला. वाफाळत्या ताटल्यांवर माना वाकल्या. पेझ्झानीनं पहिला चमचा तोंडात घातला आणि अचानक आठवण झाल्यासारखा पलीकडून ओरडला, "स्कियांकी! एक सांगायचं राहिलं. सगळं उत्तम, पण तुझ्या सॅक्सोफोनची रीड, ती तोंडाजवळची पट्टी, हवा सोडते. प्रत्येक ओळीच्या आधी फुस्स होतं. बदलून टाक ती!"

लिविओनं तोंड उघडलं, पण एर्सिलियानं हात वर केला.

"रीड जुनी आहे, पेझ्झानी," ती म्हणाली. "अडतीस वर्षं वापरलेली. आता कशाला बदलायची?"

"काय?" पेझ्झानी कानाला हात लावून म्हणाला.

सवयीप्रमाणे सगळे इवानोकडे वळले. इवानोच्या नाकात रस्सा गेला होता, डोळ्यांतून पाणी येत होतं, आणि हसू आवरत तो नुसता मान हलवत होता. लग्नानंतर पहिल्यांदाच त्यानं बायकोचं वाक्य मोठ्यानं सांगायला नकार दिला.